सूर्यकांत मणी आणि धाराशिवचं ऊन

सूर्याचा किरण पडताच आग ओकणारा मणी आपल्या वाङ्मयात फार जुना आहे. कालिदासाच्या शाकुंतलात दुष्यंत तपस्व्यांना सूर्यकांताची उपमा देतो. हाताला गार लागणारा हा दगड दुसऱ्या तेजाने डिवचला की आतली आग बाहेर टाकतो. भर्तृहरीच्या नीतिशतकातही तो आहे. निर्जीव असून सूर्याचा पाय लागला तर तो पेटतो, मग तेजस्वी माणसाने अपमान का सोसावा, असा तिथला सवाल. वामन पंडितांनी नीतिशतक मराठीत आणलं, तेव्हा हा मणीही मराठीत मुरला. कवींनी त्याला स्वभाव दिला. आग दगडाच्या पोटात आहे आणि सूर्य तिला फक्त जागी करतो, असं त्यांनी मानलं. पुढे गोष्टी सांगणाऱ्यांनी तो मणी राजाच्या मुकुटात बसवला, नागाच्या फण्यावर ठेवला, किल्ल्याच्या बुरुजावर चढवला.

या सगळ्यांच्या कितीतरी आधी यास्काने निरुक्ताच्या सातव्या अध्यायात एक साधी गोष्ट लिहून ठेवली आहे. काशाचं भांडं किंवा मणी घासून लख्ख करावा, उन्हात धरावा आणि जिथे किरण एकत्र येतात तिथे वाळलेलं शेण ठेवावं. भांड्याचा किंवा मण्याचा स्पर्श होऊ न देताही ते पेट घेतं. अग्नी आणि सूर्य यांचं नातं काय, या चर्चेच्या ओघात हे आलं आहे. मला त्यातले तपशील विलक्षण वाटतात. काशाचं भांडं म्हणजे अंतर्गोल आरसा आणि मणी म्हणजे भिंग. उजेड परतवून गोळा करणारं साधन आणि उजेड आरपार नेऊन गोळा करणारं साधन, दोन्ही एकाच वाक्यात शेजारी ठेवली आहेत. दोन्हींचं काम एकच आहे हे ओळखूनच ती तशी ठेवलेली असणार. शिवाय स्पर्श न करता, हे सांगायला ज्याने ते करून पाहिलं आहे तोच हवा. मण्यात आग असती तर शेण मण्याला चिकटवून ठेवलं असतं तरी चाललं असतं. ते अमुक अंतरावरच पेटतं, जवळ आणलं तर नाही, लांब नेलं तरी नाही. आग मण्यात नाही, त्या अंतरावर आहे.

हे पुस्तक त्या अंतराविषयी आहे. अद्भुत गोष्टी वाचणाऱ्या आणि लिहिणाऱ्या मुलामुलींसाठी ते तयार केलं आहे. त्यांच्या कथांमधून सूर्यकांत काढून टाकावा असा त्याचा हेतू मुळीच नाही. माझं म्हणणं उलट आहे. कल्पनेतल्या यंत्राला खऱ्या सूर्याचे नियम लावले की गोष्ट जास्त रंगते, कारण मग त्या यंत्राला अडचणी येतात आणि अडचणींशिवाय गोष्ट कसली?

या विषयाची पहिली खूण आपल्या धाराशिव जिल्ह्यात तेरला सापडते. महाराष्ट्राला तेर ठाऊक आहे ते गोरोबाकाकांचं गाव म्हणून. इसवी सनाच्या पहिल्या शतकात तेच तगर होतं. पेरिप्लस या ग्रीक प्रवासग्रंथात पैठणच्या पूर्वेला दहा दिवसांच्या वाटेवर तगर असल्याचं आणि तिथलं कापड गाड्यांवर लादून भडोचच्या बंदराला जात असल्याचं लिहिलं आहे. तेरच्या लामतुरे संग्रहालयात हस्तिदंताची एक छोटी स्त्रीमूर्ती आहे. तिच्याच घडणीची मूर्ती १९३८ मध्ये इटलीत पाँपेईच्या उत्खननात मिळाली. ते शहर इसवी सन ७९ मध्ये ज्वालामुखीच्या राखेखाली गाडलं गेलं, म्हणजे मूर्ती त्याआधीच समुद्रापार पोचली होती. पाँपेईच्या मूर्तीच्या डोक्यात वरून छिद्र आहे, म्हणून ती आरशाची मूठ असावी असं काही अभ्यासकांना वाटतं. तसं असेल तर त्या मुठीवर घासून चकचकीत केलेला धातूचा आरसा असणार, कारण त्या काळी बहुतेक आरसे धातूचेच. तेरच्या मातीत अकीक आणि काच यांचे मणीही भरपूर निघाले आहेत. घासणं, गोल करणं, झिलई आणणं हे कसब इथे नांदत होतं. त्या कारागिरांपैकी कुणी उन्हात शेणी पेटवून पाहिली का, हे सांगणारा पुरावा नाही. पण यास्काच्या प्रयोगाला लागणारं सगळं सामान तगरच्या बाजारात मिळालं असतं, शेणीसुद्धा.

आता खुद्द उन्हाकडे येऊ. पत्र्याच्या किंवा माळवदाच्या घरात दुपारी एखाद्या बारीक भोकातून जमिनीवर कवडसा पडतो. भोक कसंही असो, चौकोनी, तिरपं, फाटकं, कवडसा बहुतेक वेळा गोलच दिसतो. तो भोकाचा आकार नसतो, ते सूर्याचं चित्र असतं. खंडग्रास ग्रहणाच्या वेळी सगळे कवडसे चंद्रकोरीसारखे होतात तेही त्यामुळेच. छत तीन मीटर उंच असेल आणि ऊन सरळ खाली येत असेल तर हा कवडसा जवळपास २८ मिलिमीटरचा होतो, कारण आकाशात सूर्य अर्ध्या अंशाइतका रुंद आहे. तो बिंदू नाही. कवडशाच्या कडेला कोळशाने खूण करा आणि थांबा. दोन मिनिटांत तो खूण ओलांडून स्वतःच्या रुंदीइतका सरकलेला असेल.

अर्धा अंश आणि दोन मिनिटं. सूर्यकांताच्या साऱ्या अडचणी या दोन आकड्यांतून निघतात.

भिंग घेतलं तरी अर्धा अंश सुटत नाही. पाच सेंटीमीटर व्यासाचं आणि पंधरा सेंटीमीटर नाभीय अंतराचं साधं बहिर्गोल भिंग घ्या. नाभीवर पडणारा ठिपका साधारण १.४ मिलिमीटरचा असतो. भिंग कितीही सुबक घासा, तो त्याहून लहान होत नाही, कारण तो ठिपका म्हणजे पुन्हा सूर्याचं चित्रच आहे. भिंगावर पडलेलं सगळं ऊन तेवढ्यात कोंबलं जातं, म्हणजे जवळजवळ १३०० पट. कागद काळा पडतो, धूर येतो, मग पेटतो. भिंगाने एक कणही उष्णता निर्माण केलेली नसते, पसरलेली उष्णता फक्त गोळा केलेली असते. हे गोळा करणंही अमर्याद नाही. पृथ्वीवर हवेत सूर्यप्रकाश फार तर ४६,००० पट एकवटता येतो आणि नाभीचं तापमान सूर्याच्या पृष्ठभागापेक्षा, म्हणजे सुमारे साडेपाच हजार अंश सेल्सिअसपेक्षा, वर जाऊ शकत नाही. गोष्टीतला मणी सूर्याहून तापणारा असेल तर लेखकाने दुसरा कुठला तरी सूर्य द्यावा. (भिंगातून किंवा दुर्बिणीतून सूर्याकडे कधीही, क्षणभरही, पाहू नये. डोळ्याचा पडदा जळताना दुखत नाही, म्हणून तो जळून गेल्यावरच कळतं. या पुस्तकातला प्रत्येक प्रयोग सूर्याकडे पाठ करूनच करायचा आहे.)

हे नियम ज्याला माहीत असतात त्याची कल्पना कशी चालते याचं उत्तम उदाहरण जूल व्हर्नने दिलं आहे. त्याच्या 'मिस्टीरियस आयलंड' या १८७४-७५ मधल्या कादंबरीत निर्जन बेटावर अडकलेला अभियंता दोन घड्याळांच्या काचा एकमेकींना जोडतो, मधे पाणी भरतो, कडा मातीने बंद करतो आणि त्या भिंगाने आग पेटवतो. हे खरोखर होतं. उलट विल्यम गोल्डिंगच्या 'लॉर्ड ऑफ द फ्लाइज' (१९५४) मध्ये मुलं पिगीच्या चष्म्याने आग पेटवतात. पण पिगीला लांबचं दिसत नाही. त्याच्या चष्म्याची भिंगं अंतर्गोल असणार आणि ती उजेड गोळा करण्याऐवजी पसरवतात. कादंबरी मोठीच आहे, तरी तिच्यातली ती आग कधी पेटली नसती.

बुरुजावरच्या सूर्यकांताची गोष्ट आपल्याकडे बसवायची तर नळदुर्गसारखी जागा नाही. उपळी बुरुजावर उभं राहिलं की चहूकडचा मुलूख दिसतो. तिथे आज लांबलचक तोफा आहेत. समजा, गोष्टीत त्या तोफांच्या जागी प्रचंड अंतर्गोल आरसा आहे आणि एक किलोमीटरवर शत्रूच्या लाकडी गाड्या उभ्या आहेत. आरसा निर्दोष आहे असंही धरू. तरी एक किलोमीटरवर सूर्याचं चित्र ९.३ मीटर रुंदीचं पडणार. तीन मीटरच्या छताखाली जो कवडसा २८ मिलिमीटरचा, तोच इथे एवढा पसरलेला. वाळलेलं लाकूड ठिणगीशिवाय पेटायला भर दुपारच्या उन्हाच्या पंचवीस-तीस पट तेज लागतं. नऊ मीटरच्या ठिपक्यात तीस पट ऊन ओतायचं तर आरसा सुमारे ५१ मीटर व्यासाचा हवा. तो बुरुजावर मावणार नाही. डोळ्यांदेखत क्षणात गाडी भस्म व्हावी म्हणून हजार पट तेज हवं असेल तर आरसा तीनशे मीटरच्या आसपास जातो. तोवर सूर्यही थांबत नाही. आरसा स्थिर ठेवला तर दोन मिनिटांत तो ठिपका गाड्यांवरून पूर्ण सरकून शेजारच्या ज्वारीत जाईल.

आर्किमिडीजने सिराक्यूज इथे रोमन जहाजं आरशांनी जाळली, ही आख्यायिका याच कसोटीवर लोकांनी तपासली. फ्रान्समध्ये ब्यूफाँने १७४७ मध्ये दीडशेहून अधिक सपाट आरसे एका चौकटीवर बसवून दुरून लाकूड पेटवून दाखवलं. २००५ मध्ये अमेरिकेतल्या एम.आय.टी.च्या विद्यार्थ्यांनी एक फूट बाजूचे १२७ आरसे मांडले आणि सुमारे तीस मीटरवरच्या लाकडी जहाजाच्या नमुन्याला आग लावली. पण जहाज हलत नव्हतं, आकाश निरभ्र व्हायची वाट पाहावी लागली आणि निरभ्र झाल्यावरही दहाएक मिनिटं गेली. हे वाचून मला आख्यायिका खोटी ठरल्याचं दुःख होत नाही. उलट, १२७ जणांनी आपापला आरसा एकाच ठिकाणी रोखून धरायचा आणि दर मिनिटाला किंचित वळवायचा, ही चमत्काराच्या मण्यापेक्षा कितीतरी मोठी गोष्ट आहे. उपळी बुरुजावर मण्याऐवजी ढाली घासून चकाकवलेली शंभर माणसं उभी करा, त्यातल्या एकाचा हात थरथरू द्या, कथा आपोआप उभी राहते. ज्यांनी बोरी नदीवर बांध घालून त्याच्या पोटात पाणीमहाल बांधला, त्यांच्या किल्ल्यात अशी कल्पना उपरी वाटणार नाही.

सूर्यकांताचा जोडीदार चंद्रकांत. चांदणं पडलं की पाझरणारा. ज्ञानेश्वरीच्या नवव्या अध्यायात तो येतो आणि पाझरण्याची हातोटी चंद्राकडे आहे, तसा श्रोत्यांवाचून वक्ता नाही, असा अर्थ त्यातून काढला जातो. मुलं हमखास विचारतात की चांदणं गोळा करून काही पेटेल का. पौर्णिमेचं चांदणं उन्हाच्या चार लाखाव्या भागाइतकं असतं. शक्य तेवढं, ४६,००० पट, ते एकवटलं तरी साध्या उन्हाच्या आठव्या भागाइतकंही होत नाही. ढगाळ दिवसाचा उजेडही असाच निरुपयोगी. तो भरपूर असतो, पण सगळ्या दिशांनी येतो आणि दिशा नसलेला उजेड कोणत्याही भिंगाने एका जागी आणता येत नाही. धाराशिव पर्जन्यछायेत आहे. पावसाने दगा दिलेल्या वर्षी इथलं निरभ्र आकाश नकोसं वाटतं, पण ऊन गोळा करणाऱ्याला हवं असतं ते नेमकं तसंच आकाश.

दुसरा आकडा, दोन मिनिटांचा, कथांमध्ये जवळजवळ कधीच येत नाही. मुकुटातला मणी सकाळी, दुपारी, संध्याकाळी सारखाच चालतो. प्रत्यक्षात सूर्याच्या मागे फिरणं हेच या यंत्रांचं खरं काम आहे आणि त्याची एक सुंदर नोंद मुंबईत आहे. विल्यम ॲडम्स नावाचा इंग्रज तिथे उच्च न्यायालयात नोकरीला होता. त्याने कुलाब्यात सपाट आरशांची एक अर्धगोल भिंत उभारली आणि तिचं सगळं ऊन एका बाष्पकावर टाकून अडीच अश्वशक्तीचं इंजिन चालवलं. उष्ण देशांत जळणाऐवजी ऊन वापरता येईल, असं सांगणारं त्याचं पुस्तक १८७८ मध्ये निघालं. त्याच्या आरशांच्या एका चुलीवर जानेवारीच्या उन्हात सात शिपायांचं जेवण दोन तासांत शिजलं होतं. पण माझं लक्ष जातं ते त्या भिंतीखालच्या रुळांकडे. भिंत रुळांवर होती आणि सूर्य सरकेल तसा एक माणूस ती ढकलत नेई. इंजिन उन्हावर चालत होतं हे खरंच, पण ऊन इंजिनापर्यंत आणून सोडत होता तो माणूस. त्याचं नाव कुठे आलेलं नाही.

त्या माणसाचं काम घड्याळाकडे सोपवलं जर्मनीच्या वोल्फगांग शेफलरने. त्याची तबकडी पृथ्वीच्या आसाला समांतर असलेल्या दांड्याभोवती सूर्याच्या गतीने फिरते आणि नाभी मात्र जागची हलत नाही, म्हणून चूल घराच्या आत ठेवता येते. ऋतू बदलला की तबकडीचा बाक थोडा वाकवून घ्यायचा. हा दांडा किती तिरपा बसवायचा हे गावावर अवलंबून असतं. धाराशिवचा अक्षांश १८ अंशांच्या किंचित वर आहे, म्हणून इथे तो क्षितिजाशी १८ अंशांचा कोन करून उत्तरेला, ध्रुवताऱ्याकडे रोखायचा. ध्रुव आपल्याला तेवढाच वर दिसतो. मे महिन्याच्या दुसऱ्या आठवड्यात भर दुपारी इथे सावली पायाखाली नाहीशी होते तीही याच अक्षांशामुळे. शिर्डीच्या प्रसादालयात २००९ पासून अशा ७३ तबकड्या वाफ तयार करून स्वयंपाकाला देत आल्या.

आपल्या आणखी जवळचं उदाहरण लातूरचं, आणि लातूर १९८२ पर्यंत आपल्याच जिल्ह्यात होतं. तिथल्या महानंद डेअरीत २००६ मध्ये 'अरुण' ही १६० चौरस मीटरची तबकडी उभी राहिली. आयआयटी मुंबईचे शिरीष केदारे आणि क्लिक ही मुंबईची कंपनी यांनी ती घडवली. अनेक लहान आरसे एका प्रचंड सांगाड्यावर बसवलेले, सांगाडा दोन दिशांनी वळणारा, दिवसभर सूर्याकडे तोंड करून. नाभीवर दाबाखालचं पाणी तापायचं आणि त्या उष्णतेवर दुधाचं पाश्चरीकरण व्हायचं, तेवढं भट्टीचं तेल वाचायचं. सूर्यकांताच्या कथा वाचून मोठी झालेली मुलं अशी यंत्रं बांधतील, असं मला मनापासून वाटतं.

लातूरला दूध, तर आपल्याकडे भूमचा खवा. कुंथलगिरीच्या पेढ्यामुळे त्याची कीर्ती दूरवर आहे. खव्याच्या भट्टीला लाकूड लागतं आणि आपला जिल्हा काही जंगलाचा नाही. पाच लिटर दुधाचा साधारण एक किलो खवा होतो, म्हणजे चार किलो पाणी उडवावं लागतं. त्याला आणि दूध तापवायला मिळून जवळपास तीन युनिट उष्णता लागते. निम्मी वाया गेली असं धरलं तरी सहा-सात चौरस मीटरचा आरसा स्वच्छ उन्हात तासाभरात हे काम करू शकेल. हिशोब सोपा आहे, व्यवहार नाही. खवा घट्ट होऊ लागला की आच कमी करावी लागते, नाहीतर तळाला लागतो. अर्ध्यावर ढग आला तर कढई थांबते आणि दूध वाट पाहत नाही. सगळ्यात मोठी अडचण वेळेची. दूध भट्टीवर येतं सकाळी, तेव्हा ऊन तिरपं आणि कोवळं असतं. भर दुपारी, आरसा जेव्हा सर्वांत जास्त देतो, तेव्हा कढया उतरलेल्या असतात. सकाळचं दूध दुपारपर्यंत थंड ठेवायचं की दुपारची उष्णता साठवून दुसऱ्या सकाळी वापरायची? लातूरला दाबाखालच्या तापल्या पाण्याच्या टाकीने हा प्रश्न काही अंशी सोडवला. भूमच्या कढईला मात्र त्यापेक्षा जास्त तापलेली वस्तू हवी, कदाचित तेल, कदाचित दगड. शेवटच्या प्रकरणातले प्रयोग त्याच दिशेने जातात. आपल्या माळावरचा काळा कातळ उन्हाच्या नाभीवर तापवायचा, पेंढ्यात गुंडाळून ठेवायचा आणि दर तासाला त्याचं तापमान वहीत मांडायचं. त्यासाठी वर्गात थर्मामीटर आधी आणून ठेवावा आणि तो २०० अंशांपुढे मोजणारा असावा.